गावभरची किचनं

आरशाच्या उजव्या हाताला ती फ्रेम दिसतेय ना, ते माझं लायसन. फोटो बघून हसू नका. फोटोवाल्यानं "हसा" म्हणायच्या आधीच बटण दाबलं, म्हणून मी बँक लुटून आल्यासारखी दिसते. पण त्याच्यावर राज्याचा शिक्का आहे. तो शिक्का नसेल तर या राज्यात तुम्ही मेंढी भादरू शकता, घोड्याची शेपूट विंचरू शकता, पण पैसे घेऊन माणसाच्या डोक्याला कंगवा लावू शकत नाही.

मी परीक्षेला राजधानीला गेले त्या काळी डोकं आपलं आपण न्यायचं असायचं. म्हणजे जिवंत माणूस, ज्याच्यावर काम करून दाखवायचं. मी माझी चुलत बहीण युलेली, तिला नेलं. युलेलीचे केस काय सांगू तुम्हाला. लहानपणी तिच्या केसात एका बुधवारी कंगवा हरवला, तो सापडला थेट पुढच्या ईस्टरला, आणि तोवर त्याला पिल्लं झाली होती. ते केस मी परीक्षकबाईंच्या डोळ्यांदेखत असे सरळ केले की त्यांच्यावरून माशी घसरून खाली पडली. बाईंनी माशीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि सही केली.

आता सगळं सोपं झालंय. माझी नात जोनेल, तिनं हल्लीच परीक्षा दिली ती रबरी डोक्यावर. बसमधून ते डोकं मांडीवर घेऊन गेली. वाटेत एका म्हातारबुवांनी त्या डोक्याला नमस्कार केला आणि ते काही बोलेना म्हणून रागावून पुढच्या सीटवर जाऊन बसले.

पण मिळवणं वेगळं आणि टिकवणं वेगळं. टिकवायचं म्हणजे कंगवे निळ्या औषधी पाण्यात पूर्ण बुडलेले पाहिजेत, दांडीसकट. वापरलेला टॉवेल झाकणाच्या डब्यात. आणि प्रत्येक बाटलीवर नाव. नुसतं पाणी असलं तरी बाटलीवर लिहायचं, पाणी. आमचे ओटिस, देव त्यांना सुखी ठेवो, निवृत्त झाल्यावर रोज दुकानात येऊन बसायचे. त्यांच्या खिशाला मी चिठ्ठी लावली होती. "ओटिस. ज्वलनशील. आगीपासून आणि विलीपासून दूर ठेवा."

विली म्हणजे विल्हेल्मिना पोप. ती येईलच पुढे. ती कुठेही येतेच.

आता आधी एक शब्द सांगून ठेवते, कारण सगळा घोळ त्या शब्दानं घातला. मानेवर, केस संपतात ना तिथे, जे बारीक, गुंतलेले, हट्टी केस असतात, त्यांना आमच्या काळ्या लोकांत किचन म्हणतात. का म्हणतात ते कुणी सांगत नाही, मी सांगते. पूर्वी आया मुलींना किचनमध्ये चुलीपाशी बसवून, चुलीवर पितळी कंगवा तापवून तिथले केस सरळ करायच्या, आणि मुली इतक्या रडायच्या की त्या दिवशी भाजीत मीठ घालावं लागायचं नाही. बाकीचं डोकं आठवडाभर राहतं सरळ. किचन मात्र घामाचा एक थेंब लागला की लगेच वळ्या करून बसतं. आमच्या मोझली गावात चर्चला येताना एखादीनं कितीही भारी हॅट घालू दे, मागच्या बाकावरच्या बायका बघतात ते तिचं किचन.

लायसन देणाऱ्या बोर्डाच्या पुस्तकात हा शब्द नाही. तिथे मानेचा मागचा भाग असं काहीतरी अळणी लिहून ठेवलंय.

तर ईस्टरच्या आदल्या शनिवारची गोष्ट. त्या दिवशी माझ्या दुकानात पाय ठेवायला जागा नसते. खुर्चीत मदर गॅडिस. आमच्या चर्चमधल्या सगळ्यांत ज्येष्ठ बाई. दुसऱ्या दिवशी सकाळी सगळ्या चर्चपुढे उभं राहून प्रार्थना म्हणायचा मान त्यांचा. त्यांच्या डोक्याची डावी बाजू झाली होती, खांद्यापर्यंत सुळसुळीत. उजवी बाजू अजून आभाळाकडे बघत होती. बाजूला विली पोप, सकाळीच काम होऊनही घरी न गेलेली. आणि तिसऱ्या ड्रायरखाली, त्या मोठ्या टोपात डोकं घालून, थॅल्मा थार्प, रोलर लावून गाढ झोपलेली.

थॅल्मा आमच्या जिल्ह्याच्या अन्न खात्यात तपासनीस. हॉटेलांची, मासे तळणाऱ्यांची किचनं ती तपासते, म्हणजे चुलीवाली खरी किचनं. फार कडक. आमच्या चर्चचा कारभार बघणारा डीकन रस्टिन, त्याची माशांची टपरी तिनं तेल जुनं आहे म्हणून बंद केली, आणि डीकन रस्टिन तिचा सख्खा भाऊ. ड्रायरखाली ती बसली की झोपते, आणि झोपली की डोक्यावरून मालगाडी गेली तरी उठत नाही.

अशात दार उघडलं आणि बोर्डाचा नवा तपासनीस आत आला. हॅलव्हरसन साहेब. पार उत्तरेकडचा, जिथे म्हणे लोक गोठलेल्या तळ्यावरून गाड्या चालवतात. उंच, गोरा, मेणबत्तीसारखा पोरगा. त्या दिवशीच्या उकाड्यात कडेकडेनं वितळायला लागला होता.

"मिस व्हर्डेल टॉलिव्हर?"

"तीच मी."

"तपासणी आहे."

"करा ना. फक्त मदर गॅडिसच्या आणि माझ्या मध्ये येऊ नका, हातात गरम कंगवा आहे."

त्यानं सगळं बघितलं. निळं पाणी बघितलं. डबा उघडला, बंद केला. बाटल्यांवरची नावं वाचली. लायसनचा फोटो बघितला, मला बघितलं, परत फोटो बघितला. मी फोटोसारखं तोंड करून दाखवलं, तेव्हा त्याची खात्री पटली.

"सगळं उत्तम आहे, मॅडम," तो म्हणाला आणि दाराच्या मुठीवर हात ठेवला. आणखी एक पाऊल टाकलं असतं तर मला ही गोष्ट सांगावी लागली नसती. पण फोन वाजला.

फोनवर आमच्या चर्चमधली सिस्टर अर्झुला. अर्झुलाला ऐकू येत नाही, म्हणून तिच्याशी बोलायचं तर सगळ्या रस्त्याशी बोलावं लागतं.

"अर्झुला, आज जागा नाही," मी ओरडले. "काय? अगं तुझं किचन बघितलं मी गेल्या रविवारी. त्याच्यापुढे मला प्रवचन ऐकू आलं नाही. हो, मदर गॅडिसचं किचन करायचंय अजून. विलीचं झालं सकाळी, जरा धूर निघाला. बरं, ये. पण मागच्या दारानं ये. साहेब आलेत, पुढे गर्दी आहे."

फोन ठेवला तर साहेबाचा हात मुठीवरून निघालेला.

"मिस टॉलिव्हर, तुम्ही किचनमध्येही काम करता?"

आता त्याच्या बोलण्याची ढब अशी, की शब्दांचे शेवट तो गिळायचा. मला ऐकू आलं, किचनचंही काम करता.

"साहेब, ते केलं नाही तर माझ्याकडे येईल कोण? पुढून कुणीही करेल. बाईची खरी परीक्षा किचनलाच."

"कुणाकुणाची किचनं?"

माझ्या कामाचं कुणी कौतुकानं विचारलं की मी हातचं राखत नाही. "सगळ्या मोझलीची. पास्टरच्या बायकोचं. मेयरच्या आईचं. गव्हर्नरची मावशी इथून चालली होती, ती गाडी थांबवून म्हणाली, व्हर्डेल, जेवण राहू दे, आधी माझं किचन बघ."

साहेबानं बगलेतली ती काचेची पाटी काढली, ज्याच्यावर हे लोक हल्ली बोटानं लिहितात.

"स्वच्छता कशी ठेवता तिथे?"

"आधी धुते. मग कोरडं करते. मग थोडं तेल. जास्त तेल झालं की कंगवा सुरसुरतो."

"आगीचे प्रकार?"

"माझ्या हातून कधी नाही. पण माझी गुरू होती मिस क्लिओथा, तिनं एकीचं अख्खं किचन जाळलं. ती बिचारी उन्हाळाभर स्कार्फ बांधून हिंडत होती."

"किचन जळालं," तो हळूच म्हणाला, "म्हणून स्कार्फ?"

"मग काय, उघडं टाकून हिंडणार?"

त्याच्या मागे, केस धुवायच्या बेसिनपाशी उभी राहून जोनेल मला डोळ्यांनी काहीतरी सांगत होती. भुवया वर, भुवया खाली, मान अशी, मान तशी. मला वाटलं डोळ्यात शाम्पू गेला. मी तिच्याकडे टॉवेल फेकला.

"तिथे लहान मुलं असतात का?" साहेबानं विचारलं.

"मुलांचंच तर सगळ्यांत अवघड. कंगवा तापलेला दिसला की पळत सुटतात."

"कोण पळतं?"

"मुलं हो. किचन घेऊन."

साहेबानं पाटीवर बोट दाबलं. पाटी टुणकन वाजली. त्यानं घसा साफ केला आणि वाचून दाखवलं. "परवाना नसलेल्या जागी, लोकांच्या किचनमध्ये, केसांचं काम. लायसन या क्षणापासून स्थगित. सुनावणी होईपर्यंत दुकानातल्या कुणीही कुणाच्याही डोक्याला हात लावायचा नाही."

किचनमध्ये. तो 'मध्ये' कुठून घुसला ते मला कळेना. आणि मग कळलं.

मी हातातला कंगवा शेगडीवर ठेवला. या हातांना दुसरं काही येत नाही, हो. केक बनवायला गेले तर तोसुद्धा माझ्याकडे बघून रडतो. सुनावणी म्हणजे उन्हाळा उजाडणार. दुकान माझ्या नावावर, म्हणजे जोनेलनंही हात बांधून बसायचं, आणि तिच्या लायसनची शाईही अजून वाळली नव्हती. तो फ्रेम उतरवायला हात पुढे करत होता. 

आणि आरशात मदर गॅडिस स्वतःकडे बघत होत्या. अर्धी इकडे, अर्धी तिकडे.

"उद्या मी अशी उभी राहू देवापुढे?" त्या म्हणाल्या.

"मॅडम, मला वाईट वाटतं, पण..."

"वाईट नंतर वाटून घे. इकडे ये, बाळा." त्या खुर्चीतून उठल्या. मदर गॅडिस उठल्या की बाकीच्या आपोआप उठतात, सवयच आहे. "तुला किचनं सापडली ना? मग बघून तर घे. न बघता शिक्षा देऊ नये."

त्यांनी त्याच्याकडे पाठ केली, मान वाकवली आणि केस वर धरले.

"हे माझं."

"हे माझं," विली म्हणाली आणि शेजारी उभी राहिली. "धूर निघाला तो इथून. डावीकडे बघ."

मग एकेक करत सगळ्या. जोनेलसुद्धा. भिंतीकडे तोंड, माना खाली, केस वर. पोलिसांनी धाड टाकल्यासारखं दृश्य. आणि तो बिचारा सवयीनं खिशातली बॅटरी काढून एकेका मानेवर उजेड पाडत चालला.

शेवटच्या मानेपाशी थांबला. "हे... म्हणजे हेच..."

"किचन," मदर गॅडिस भिंतीला म्हणाल्या. "तुझ्या आईनं शिकवलं नाही तुला?"

"नाही मॅडम. आमच्याकडे याला मान म्हणतात."

"अरेरे," विली म्हणाली. "आणि बाकी सगळं नीट आहे ना तुमच्याकडे?"

त्याचे कान असे लाल झाले की मी शेगडी विझवली असती तरी कंगवा तापला असता. पण पोरगा सरळ होता. लगेच म्हणाला, माझी चूक, आत्ता पुसतो. पाटीवर बोट दाबलं. पाटी टुणकन वाजली. पुन्हा दाबलं, पुन्हा टुण. आधी अंगठ्यानं, मग दोन्ही अंगठ्यांनी.

"पुसलं जात नाही," तो म्हणाला. "एकदा किचन नोंदलं की हे यंत्र म्हणतं, अन्न खात्याच्या तपासनिसानं किचन बघून सही केली तरच स्थगिती उठेल. आणि ती कचेरी आता सणानंतरच उघडणार."

 सगळ्या माना एकदम तिसऱ्या ड्रायरकडे वळल्या.

थॅल्माला उठवायला मी, जोनेल आणि विली, तिघी लागलो. विलीनं तिच्या कानात सांगितलं की डीकन रस्टिननं टपरी परत उघडली, तेव्हा ती ताडकन उभी राहिली.

"कुठल्या तेलात तळतोय?"

मी सगळं सांगितलं. थॅल्मानं ऐकून घेतलं, रोलरवरून जाळी घट्ट केली आणि म्हणाली, "मी खोटी सही करत नाही."

"थॅल्मा, आपण पहिलीपासून एका बाकावर बसलो."

"रस्टिन आणि मी एका पाळण्यात झोपलो. सही खरी असते, व्हर्डेल. किचन बघितल्याशिवाय नाही म्हणजे नाही." मग तिनं पर्समधून तिचा थर्मामीटर काढला, तो लांब सुईचा, कोंबडीत खुपसायचा. "लावा रांग."

पुन्हा सगळ्या भिंतीकडे. तिनं थर्मामीटर माझ्या कंगव्याला टेकवला आणि म्हणाली, तापमान योग्य. मदर गॅडिसच्या मानेवर वाकून बघितलं. "किडे, मुंग्या, झुरळं?"

"थॅल्मा थार्प," मदर गॅडिस म्हणाल्या, "तुझा बाप्तिस्मा झाला तेव्हा तुला पाण्यातून बाहेर मी काढलंय. ते चुकलं का काय?"

"विचारावं लागतं, मदर. नियम आहे. किडे नाहीत."

अशी ती पुढे सरकत विलीपाशी आली आणि थांबली. दोन बोटांनी विलीच्या मानेवरून काहीतरी उचललं. उकडलेल्या शेंगेचं एक फोलपट.

"हे काय?"

"नाश्ता," विली म्हणाली.

"किचनमध्ये उघडं अन्न." थॅल्माचा चेहरा अगदी रस्टिनच्या टपरीपुढे होता तसा झाला. "हे मला लिहावं लागेल. उघडं अन्न म्हणजे नापास."

साहेबानं डोळे मिटले. मी विलीकडे असं बघितलं की तिनं आयुष्यात पहिल्यांदा काहीतरी उपयोगाचं केलं. वळली, थॅल्माच्या चिमटीतलं फोलपट घेतलं, तोंडात टाकलं आणि चावून गिळलं.

"कुठाय अन्न?"

थॅल्मानं विचार केला. चिमटीकडे बघितलं, विलीकडे बघितलं. फोलपट खाणाऱ्या बाईबद्दल नियमात काही नव्हतं. मग तिनं साहेबाच्या हातून पाटी घेतली आणि बोटानं सावकाश लिहिलं. "इथे अन्न शिजत नाही. किचनं समक्ष पाहिली. स्वच्छ आहेत, तेल योग्य प्रमाणात. श्रेणी अ." खाली सही.

पाटी टुणकन वाजली. या वेळी जरा गोड वाजली असं मला वाटलं.

"लायसन चालू," साहेब म्हणाला आणि फ्रेमखालीच भिंतीला टेकून उभा राहिला, इतका गळून गेला होता. मी कंगवा उचलला. मदर गॅडिस खुर्चीत बसल्या आणि म्हणाल्या, "उजवीकडून. आणि आता फोन घेऊ नकोस."

थॅल्मा परत ड्रायरकडे निघाली, पण जाता जाता तिची नजर साहेबाच्या मानेवर गेली. पिवळे केस कॉलरवर लोळत होते, घामानं चिकटलेले. तिनं त्याच्याच हातातली बॅटरी घेऊन उजेड पाडला.

"हे कुणाचं आहे? हे मी आजच्या आज बंद केलं असतं."

"बस बाळा," मी म्हटलं, "मदर झाल्या की दोन मिनिटांत करून देते."

"नाही मॅडम. ज्याला तपासलं त्याच्याकडून काही घ्यायचं नसतं."

मदर गॅडिसना ते आवडलं. "आईनं मान शिकवली," त्या आरशातून म्हणाल्या, "पण वळणही शिकवलंय."

तेवढ्यात मागचं दार किलकिलं झालं. सिस्टर अर्झुला, डोक्यावर प्लास्टिकची पिशवी. पुढच्या खिडकीतून तिनं साहेबाला बघून ठेवलेलं, आणि तिला जे कुजबुजणं वाटतं त्या आवाजात, म्हणजे सगळ्या मोझलीला ऐकू जाईल असं, तिनं विचारलं, "गेला का तो मेणबत्ती?"

साहेब पुढे झाला. तिच्यासाठी दार उघडं धरलं.

"अजून नाही, मॅडम," तिच्या कानाशी वाकून तो म्हणाला. "या, बसा. तुमच्या किचनबद्दल बरंच ऐकलंय."

दुसऱ्या दिवशी मदर गॅडिसनी इतकी लांब प्रार्थना म्हटली की पुढच्या बाकावरचं बाळ चालायला शिकलं. आणि त्यांच्या मागे बसलेल्या एकाही बाईला बोलायला काही सापडलं नाही. सरळ, मऊ, एक केस हलला नाही.

अन्न खात्याचं यंत्रही मोठं इमानदार. श्रेणी दिली म्हणजे पाटी पाठवायची, एवढंच त्याला कळतं. सण झाला आणि टपालानं आली, हॉटेलांच्या खिडकीत असते तशी, मोठं अ लिहिलेली, दर्शनी भागात लावणे बंधनकारक. नियम म्हणजे नियम. मी ती खिडकीत लावली, लायसनच्या सरळ रेषेत.

तेव्हापासून महामार्गावरचे ट्रकवाले आत येतात. कालच एक आला, अंगानं भरलेला, घामेजलेला, म्हणाला, "तळलेला कॅटफिश आहे का?"

"टोपी काढ," मी म्हटलं. "मागे वळ."

तो वळला. मी बघितलं, विलीनं बघितलं. मग मी जोनेलला सांगितलं, कंगवा तापव.